नवरदेवाचा वन्स मोअर

स्टेजवर नवरदेव एक अक्षर बोलत नसत आणि स्टेजवरून उतरले की एक मिनिट गप्प बसत नसत. मस्कतमधल्या आमच्या मराठी मंडळात त्यांना सगळे नवरदेवच म्हणायचे. वय सत्तावन्न, डोक्यावर टक्कल, पोट सुटलेलं, वरच्या ओळीतले दोन दात गायब, आणि नाव नवरदेव. नव्याने आलेल्या कुटुंबाशी मी त्यांची ओळख करून द्यायचो, "हे आमचे नवरदेव," तेव्हा समोरची बाई आधी माझ्याकडे आणि मग त्यांच्याकडे बघायची. तेवढ्यात नवरदेव दोन्ही हातांनी कपाळावरच्या न बांधलेल्या मुंडावळ्या सावरून घ्यायचे. बाई हसली की झालं. मग तुमच्याकडे एसी स्प्लिट आहे की विंडो, शेवटचा कधी धुतला, ही चौकशी सुरू.

ते एसी मेकॅनिक होते. रत्नागिरीकडच्या एका खेड्यातून आलेले, आधी आठ वर्षं ओमानच्या आतल्या भागात इब्रीला, मग मस्कतला. अल अमेरातमध्ये आपल्याच बाजूच्या तिघांबरोबर एका खोलीत राहायचे. अल हैलच्या आमच्या घरी पहिल्यांदा आले ते जूनमध्ये, बाहेर पंचेचाळीस डिग्री आणि आमचा एसी बंद. शिडीवर चढून त्यांनी झाकण उघडलं, आत डोकावले आणि म्हणाले, "साहेब, गॅस खलास. आणि आत पालीचं बाळंतपण झालंय." माझी बायको वृषाली किंचाळून स्वयंपाकघरात पळाली. पाल नव्हतीच. माणसाला उकडत असलं की तो चिडतो, आणि चिडलेल्या माणसासमोर काम करणं अवघड, म्हणून आधी एक गंमत करायची, असं त्यांचं शास्त्र होतं.

त्याच दिवशी काम करता करता त्यांनी मला ती रिळाची गोष्ट सांगितली. पुढे ती मी निदान वीस वेळा ऐकली असेल. लहानपणी त्यांच्या गावच्या जत्रेत एक माणूस जुनं मशीन घेऊन यायचा आणि धोतराच्या पडद्यावर सिनेमा दाखवायचा. त्याच्याकडे कुठल्यातरी परदेशी मूकपटाची दोनच रिळं होती. काळापांढरा सिनेमा, त्यात एक नवरा मुलगा स्वतःच्या लग्नाला निघालाय आणि पोचतच नाही. गाडीचं चाक निखळतं, टोपी उडते, पँट कुत्रा ओढतो, कसाबसा पोचतो तर भला मोठा केक अंगावर पडतो. सगळी जत्रा हसून लोळायची. पण दुसरं रीळ शेवटाला तुटलेलं होतं. नवरा उठून उभा राहतो, नवरीकडे बघतो, आणि पडदा पांढरा. "त्या बिचाऱ्याचं लग्न लागलं की नाही, मला आजपर्यंत कळलेलं नाही, साहेब," असं म्हणून ते शिडीवरून खाली उतरायचे.

त्या तुटक्या रिळातून त्यांनी आपला प्रयोग बांधला होता. केकच्या जागी अक्षता, चर्चच्या जागी मांडव. चेहऱ्याला पांढरी पावडर, डोळ्यांत भरपूर काजळ, आखूड धोतर, एका पायात चप्पल. मी आणि आमचे देसाई अंतरपाट धरून उभे. एका बाजूला वृषाली पेटी घेऊन बसलेली, कारण त्यांच्या जत्रेतला तो माणूसही सिनेमा चालू असताना पेटी वाजवायचा म्हणे. नवरदेव उशिरा धावत यायचे, पाटावर उभे राहायचे, नवरी बघायला अंतरपाटावरून वाकायचे, की आम्ही अंतरपाट वर न्यायचो. खालून वाकले की खाली. मुंडावळ्या डोळ्यांवर, अक्षता तोंडात, शिंक आली की हातातला हार उडून देसायांच्या गळ्यात. देसाई लाजायचे आणि पोरं खुर्च्यांवर उभी राहायची. शेवटी नवरदेव अंतरपाटाला वळसा घालून धावत सुटायचे, पाय वर, धोतर वर, आणि धप्पकन उताणे. संपलं. लग्न कधीच लागायचं नाही. नवरीसुद्धा कुणाला दिसायची नाही.

हे मुकं का करता, असं मी एकदा विचारलं. आमची इरा तेव्हा सहावीत होती. तिच्या शाळेत सगळं इंग्रजीत, मैत्रिणींशी इंग्रजीत, आणि मराठी बोलताना प्रत्येक वाक्याआधी ती थांबून विचार करायची. मंडळाचं नाटक सुरू झालं की ही सगळी पोरं मागे जाऊन मोबाइल काढत. नवरदेव म्हणाले, "तुमच्या पोरांना आपलं बोलणं कळत नाही, त्यात त्यांची चूक नाही. पडणं सगळ्यांना कळतं. आणि तोंडातून आवाज काढला ना, की बघणाऱ्याला वाटतं याला लागलं. मग तो हसत नाही. म्हणून स्टेजवर आवाज नाही म्हणजे नाही."

पडण्याच्या बाबतीत मात्र हा माणूस कमालीचा काटेकोर होता. प्रयोगाआधी अनवाणी पायांनी ते सगळं स्टेज दाबून बघायचे, स्वतः झाडू मारायचे, कुठे पाणी सांडलंय का, वायर आलीय का, सगळं. "ज्याला पडायचंय त्याने जमिनीशी आधी ओळख करून घ्यावी," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. झाडू मग माझ्या ताब्यात यायचा. कारण मंडळाचा सूत्रसंचालकही मीच, माझा माइक विंगेत, आणि त्याच्या शेजारी भिंतीला तो झाडू टेकवलेला असे. कुणी वन्स मोअर दिला तर पहिल्या वेळच्या अक्षता आधी झाडायच्या, मगच ते पुन्हा उभे राहणार. आपल्या माणसांना वन्स मोअरची हौस किती ते सांगायला नको. नवरदेवांनी तो कधी नाकारला नाही, आणि मी झाडल्याशिवाय दिलाही नाही. पाच वर्षं हे असंच चाललं.

घरी त्यांची बायको सुमती आणि एकुलती एक मुलगी प्राजक्ता. प्राजक्ता जन्मली तेव्हा ते इब्रीत होते. बारशाला पोचले नाहीत, शाळेच्या पहिल्या दिवशी नव्हते, दहावीच्या निकालाच्या दिवशी एका शेखांच्या बंगल्यात डक्ट साफ करत होते. हे सगळं ते हसत सांगायचे, पण शेवटी एक वाक्य न हसता यायचं: "लग्नाला मात्र मी पाहिजे. कन्यादान मी करणार. तिथे दुसरा कोणी नाही." लग्न ठरलं तेव्हा त्यांनी महिनाभर आधीच रजा मंजूर करून घेतली, तिकीट काढलं आणि त्याची प्रिंट खोलीच्या भिंतीला चिकटवली. लग्न मार्गशीर्षात होतं. मंडळाचं दिवाळी संमेलन त्याच्या पंचवीस दिवस आधी, आणि त्यांचं विमान संमेलनानंतर आठ दिवसांनी.

त्या वर्षी त्यांनी प्रयोगाला नकार दिला होता. फोनवर स्पष्ट म्हणाले, "साहेब, या वर्षी नको. सुमतीने शपथ घातलीय. घरात लग्न असताना लग्नाची थट्टा करायची नाही." इथे एखादा शहाणा माणूस गप्प बसला असता. मी गाडी काढून अल अमेरातला गेलो. त्यांच्या कॉटवर बसून, त्यांच्याच हातचा चहा पीत, त्यांना समजावलं. म्हटलं, पोरं विचारतायत, जाहिरातीत तुमचा फोटो गेलाय, सुमतीवहिनींना कळणारही नाही. इराने कागदावर मराठीत, चुका करत, लिहिलेली चिठ्ठीही नेली होती. ती त्यांनी दोनदा वाचली, घडी करून खिशात ठेवली आणि म्हणाले, "एकदाच हां. मग यल्ला, घरी." ही चिठ्ठी न्यायची अक्कल माझीच होती, इराची नव्हे.

त्या संध्याकाळी प्रयोग असा रंगला की मी पाच वर्षांत तसा पाहिला नव्हता. लेकीचं लग्न ठरल्याचा आनंद अंगात होता की काय कोण जाणे. शिंक आली तेव्हा हार देसायांऐवजी थेट अध्यक्षांच्या मांडीवर जाऊन पडला. शेवटची धाव, पाय वर, धप्प. सगळा हॉल उभा राहिला. मी अंतरपाट देसायांच्या हातात कोंबला, धावत माइकपाशी गेलो आणि ओरडलो, "काय मंडळी, वन्स मोअर?" तीनशे माणसांनी एका आवाजात वन्स मोअर म्हटलं. झाडू माझ्या हाताशी होता. तो मला दिसलाही. पण टाळ्या गरम आहेत तोवर सुरू करू, दोन मिनिटं झाडत बसलो तर मजा जाईल, असं मनात आलं, आणि मी तसाच स्टेजवर परतलो. नवरदेवांनी जमिनीकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. त्यांना वाटलं असणार की मी झाडलंय. त्यांच्या डोळ्यांवर मुंडावळ्या होत्या, आणि माझ्या झाडूवरचा पाच वर्षांचा विश्वास होता.

ते अंतरपाटाला वळसा घालून धावले आणि अक्षतांवरून त्यांचा पाय सटकला. नेहमीच्या जागेच्या चार पावलं आधीच. नेहमी ते पाठीवर सपाट पडायचे, त्या दिवशी एका कुशीवर पडले. लोक हसले. मी पण हसलो, हे लिहायला मला लाज वाटते, पण हसलो. आधी थांबली ती पेटी. वृषाली बाजूला बसलेली, तिला त्यांचा चेहरा दिसत होता. नवरदेवांच्या तोंडातून आवाज आला नाही. त्यांनी फक्त दोन्ही हात पसरून खूण केली, चादर उलगडतात तशी. अंतरपाट धरा. आम्हाला वाटलं नवीन गंमत आहे. देसाई आणि मी अंतरपाट घेऊन त्यांच्यासमोर, लोकांच्या बाजूने, उभे राहिलो. त्या हॉलला पडदा नव्हता, तेव्हा पडदा काय तो तेवढाच. लोकांना वाटलं आता नवरी दिसणार. पुन्हा टाळ्या झाल्या.

मी मान वळवून खाली पाहिलं. पावडरीवरून काजळाचे दोन ओघळ कानाकडे गेले होते. स्टेजवर ते आयुष्यात एकदाच बोलले, तेही मला आणि देसायांनाच ऐकू जाईल असं. "साहेब, खुबा गेला. पोरं बाहेर जाऊ देत आधी. तोवर खाली नका आणू." मी वृषालीला मानेने खुणावलं. तिने उठून माइक घेतला आणि नेहमीच्या आवाजात सांगितलं की जेवण तयार आहे, सगळ्यांनी बाहेर लॉनवर चलावं. तीनशे माणसांना हॉलबाहेर जायला किती वेळ लागतो हे मला त्या दिवशी कळलं. कोणी खुर्चीखाली चप्पल शोधतंय, कोणी फोटो काढतंय, पोरं स्टेजपाशी येऊन 'नवरदेव काका' म्हणून हाका मारतायत. देसायांनी फोन खांद्यात धरून अ‍ॅम्ब्युलन्स बोलावली. आमचे हात भरून आले, थरथरायला लागले, पण अंतरपाट खाली आणला नाही. त्याच्यामागे तो माणूस उपरण्याचा बोळा दातांत धरून पडला होता.

अ‍ॅम्ब्युलन्समध्ये त्यांनी दोन गोष्टी विचारल्या. पहिली, "पोरं हसली ना?" दुसरी, "पंचवीस दिवसांत पाटावर बसता येईल ना?" पहिल्याचं उत्तर मला देता आलं. दुसऱ्याचं डॉक्टरांनी दिलं: ऑपरेशन, आत प्लेट, दीड महिना प्रवासाचं नाव काढायचं नाही. स्ट्रेचरवर नेता येईल का म्हणून मी चार ठिकाणी फोन केले. डॉक्टर सही द्यायला तयार होईनात. नवरदेव ऐकत होते. मग त्यांनी घरी फोन लावला आणि मी समोर असताना सुमतीवहिनींना सांगितलं की एका व्हिलात एसी उतरवताना शिडीवरून पडलो. तिकडून रडण्याचा आवाज आला तसं म्हणाले, "अगं, शिडीचं काय, तिला पण रजा पाहिजे असेल." फोन ठेवल्यावर माझ्याकडे बघून म्हणाले, "शपथ मोडली हे तिला कळता नये. आयुष्यभर तेच धरून बसेल. आणि तुम्ही तोंड असं करू नका, मी पण जमीन बघितली नाही." मला त्यांनी शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं.

हॉस्पिटलमधून त्यांना आम्ही आमच्याकडे आणलं. इराने आपली खोली दिली. लग्न शुक्रवारी होतं, मुहूर्त तिकडचा अकरा बावन्नचा, म्हणजे मस्कतला दहा बावीस. नेहमीच्या अ‍ॅपवर इथे कॉल लागत नाही, म्हणून इराने दुसरी कसली तरी लिंक करून त्यांच्या पुतण्याला पाठवली होती. सकाळी वृषालीने त्यांना दाढी करून घ्यायला लावली, नवा शर्ट दिला, उशा लावून जेमतेम उठवून बसवलं. हातात अक्षता. चित्र आलं. मांडव, माणसं, भटजींचे ओठ हलतायत. आवाज नाही. इरा बटणं दाबत सुटली, तिकडे पुतण्या फोन उलटासुलटा करतोय, आवाज काही येईना. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. नवरदेव म्हणाले, "राहू दे गो बाय. मला आवाज लागत नाही. वहिनी, तुम्ही पेटी काढा."

वृषालीने पेटी काढली. प्रयोगात ती जे उड्या मारणारं वाजवायची ते नाही, मंगलाष्टकांची चाल, संथ. पडद्यावर अंतरपाट धरलेला होता, अलीकडे नवरा मुलगा. त्याच्या मुंडावळ्या सुटून नाकावर आल्या आणि तो फुंकर मारून त्या वर उडवायला बघत होता. नवरदेव खदखदून हसले, खुब्याला हात लावून हसले. "बघा साहेब, बघा. जावई आपल्याच लायनीतला निघाला." मग अंतरपाट खाली आला आणि प्राजक्ताचा चेहरा दिसला. तिने हार घातला. त्याने घातला. नवरदेवांनी मुठीतल्या अक्षता मोबाइलवर टाकल्या आणि हळूच म्हणाले, "लागलं एकदाचं."

पुढे कन्यादान होतं. ते जोडप्याने करायचं असतं, म्हणून त्यांचा धाकटा भाऊ आणि भावजय पाटावर बसले. सुमतीवहिनी बाजूला उभ्या होत्या, पदर तोंडाशी धरून. भावाने ओंजळ पुढे केली. नवरदेवांनी मान फिरवली, वर भिंतीवरच्या एसीकडे बघत राहिले. म्हणाले, "साहेब, याचा आवाज येतोय. फिल्टर काढून धुवायला हवा." त्यांचा उजवा हात चादरीवर ओंजळीसारखा वाकडा धरलेला होता. वृषालीची पेटी चालूच राहिली, कारण तिला थांबायचं कुठे ते कळेना. मी उठलो, झाडू आणला आणि फरशीवरच्या अक्षता सगळ्या गोळा केल्या, कॉटखालच्याही. आता झाडून काय उपयोग, असं कोणी म्हणालं नाही.

दोन महिन्यांनी ते कायमचे परत गेले. वॉकर धरून चालायचे, शिडीचं काम संपलं होतं. एअरपोर्टवर व्हीलचेअरवर बसल्या बसल्या त्यांनी इराला मुंडावळ्या दिल्या, त्या प्रयोगातल्या, मणी निघालेल्या. म्हणाले, "मराठी चुकलं तरी बोलत जा. हसतील ते हसतील." इरा आता कॉलेजात आहे आणि चुकत चुकत खूप बोलते. धोतर, पाट आणि अंतरपाट आमच्या माळ्यावर राहिले. मंडळात दोघातिघांनी प्रयोग करून बघायची इच्छा दाखवली. मी काही ना काही कारण काढून टाळलं.

नवरदेव गावी दीड वर्ष जगले. एका सकाळी चहा घेऊन खुर्चीत बसले आणि उठलेच नाहीत. बातमी पुतण्याने कळवली. मी ऑफिसात होतो. गाडीत जाऊन बसलो, एसी लावला, आणि ढसाढसा रडलो. एवढं मी माझे वडील गेले तेव्हाही रडलो नव्हतो. शेवटपर्यंत दर रविवारी फोनवर आम्ही तासभर गप्पा मारल्या, आणि एकाही रविवारी त्यांनी तो विषय काढला नाही. मी काढू पाहिला की ते विचारायचे, "आमचा अल हैलचा एसी काय म्हणतो?"

गेल्या महिन्यात प्राजक्ताचा फोन आला. मी तिच्याशी कधी बोललो नव्हतो. तिला बाबांच्या वस्तूंत एक घडी केलेली चिठ्ठी सापडली होती, चुकीच्या मराठीत लिहिलेली: 'नवरदेव काका, तुमी आला नाही तर मी पन येनार नाही.' तिने विचारलं, "काका, बाबा तिकडे स्टेजवर काय करायचे? आम्हाला कधी करून दाखवलं नाही. आई म्हणते, लग्नाची नक्कल करायचे. तुमच्याकडे व्हिडिओ आहे का?" व्हिडिओ होता. मंडळाच्या चिटणिसांनी त्या संध्याकाळी कॅमेरा ट्रायपॉडवर लावला होता, बाकीच्या वर्षांचा एकही धड नव्हता. मी तो कापला. पहिला प्रयोग, धप्प, टाळ्या, तिथपर्यंतच ठेवला आणि पाठवला.

दुसऱ्या दिवशी तिचा पुन्हा फोन. इतकं हसली होती की आवाज बसला होता. म्हणाली, हार त्या मोठ्या माणसाच्या मांडीवर पडतो तिथे ती आणि तिचा नवरा चार वेळा मागे गेले. मग म्हणाली, "शेवटी माइकवर कोणीतरी वन्स मोअर ओरडतं, आणि तिथेच बंद होतं. बाबांनी दिला का वन्स मोअर?" माझ्या कापण्यात माझाच आवाज राहून गेला होता. मी म्हटलं, "दिला." ती म्हणाली, "मग तो पण पाठवा ना."

मी तिला सगळं सांगितलं. शिडी नव्हती हे सांगितलं. सुमतीवहिनींची शपथ, अल अमेरातला मी प्यायलेला चहा, चिठ्ठी, माइक, झाडू. तुझ्या बाबांच्या हातून तुझं कन्यादान झालं नाही ते माझ्यामुळे, असं स्पष्ट शब्दांत म्हटलं, कारण हे कुणाला तरी म्हणायची मी तीन वर्षं वाट बघत होतो. पलीकडे तिने दार लावून घेतल्याचा आवाज आला. मग म्हणाली, "पाठवा. मी एकटी बघीन. आईला नको कळायला." मी उरलेला व्हिडिओ पाठवला. त्यात पडणं आहे, माझं हसणं आहे, आणि नंतर बावीस मिनिटं नुसता एक पांढरा कपडा आहे, दोन बाजूंना दोन माणसं, आणि हळूहळू रिकामा होणारा हॉल. कॅमेरा बंद करायचं कुणाच्या लक्षात आलं नव्हतं.

तिने तो पाहिल्याची खूण त्याच संध्याकाळी उमटली. उत्तर आलं नाही. दुसऱ्या दिवशी नाही, तिसऱ्या दिवशी नाही. वृषाली म्हणाली, आता येणार नाही, धरून बसू नकोस. चौथ्या दिवशी, मी भाजी निवडत बसलो होतो तेव्हा, प्राजक्ताचा मेसेज आला:

"काका, शेवटचा माणूस बाहेर जाईपर्यंत तुम्ही अंतरपाट खाली येऊ दिला नाहीत. तुमचे हात केवढे थरथरत होते. पाहिलं मी."